माणसाळलेला खडा

खाणीवर त्याला सगळे गाठोडं म्हणत. सकाळी खाणीच्या तोंडाशी बसून बाकीचे खणकर हाताला एकेक चिंधी गुंडाळून मोकळे होत, तेव्हा हा तिसरी चिंधी दातात धरून मनगटाशी गाठ मारत असे. गाठ मारून झाली की स्वतः ओढून बघायची, मग शेजारच्याकडून ओढून घ्यायची. त्या हातांनी धड नाकसुद्धा शिंकरता यायचं नाही. उन्हाळ्यात आत हात शिजून निघायचे, बोटांच्या बेचक्यांत फोड यायचे, पण दिवस मावळेपर्यंत गाठ सुटायची नाही.

त्याला कारण होतं. खाण उजळीची होती. उजळी म्हणजे आपोआप उजेड देणारा दगड, तेल नको की वात नको. पण तिची एक खोड होती. खडकातल्या शिरेतून निघालेल्या खड्याला पहिल्यांदा ज्याचा उघडा हात लागेल, त्याला तो खडा माणसाळायचा. मग तो त्याच्यापुरताच. तो माणूस जवळ असला की उजळणार, लांब गेला की मंदावत मंदावत विझणार. असला खडा विकत कोण घेणार? दिव्याबरोबर खणकरालाही घरात पोसावं लागायचं. म्हणून संध्याकाळी पारख व्हायची. दिवसभराचा माल आवारातल्या चौथऱ्यावर मांडायचा, सगळ्या खणकरांना बांधापलीकडे पिटाळायचं, आणि जे खडे विझतील ते मुकादमानं घणाखाली घालून टाकाऊ ढिगात लोटायचे. पेटलेले राहतील ते कोरे, ते विकायला.

गाठोडं नवीन नवीन कामाला लागलं तेव्हाची गोष्ट. मिसरूडही फुटलं नव्हतं. नारळाएवढा खडा हाती आला तेव्हा त्या आनंदात चिंधी कधी सुटली ते त्याला कळलंच नाही. संध्याकाळच्या पारखीला अख्ख्या चौथऱ्यावर तेवढा एकच खडा काळा पडला. खाण हसली. बायका चाळण्या खाली ठेवून हसल्या. घण पडताना बघायलाही तो थांबला नाही, मान खाली घालून निघून गेला. त्यानंतर त्या खड्याचं कुणी नाव जरी काढलं तरी तो भरल्या ताटावरून उठायचा.

यंदा सगळंच आटलं होतं. खाणीजवळचं तळं कोरडं पडलं, त्यामुळे धूळ बसवायला पाणी नाही. दिवसभर माणसं धूळ खायची आणि संध्याकाळी धूळच खोकायची. दंडाएवढी होती ती शीर मनगटाएवढी झाली. दुष्काळात तेरावा महिना म्हणतात तसं, त्यात कोठीतल्या मालाच्या पाट्या कमी भरल्या.

मुकादम चौथऱ्यावर उभा राहिला. तो ओरडत नसे, त्यामुळे ऐकायला जवळ जावं लागायचं.

"माल बाहेर जातोय," तो म्हणाला. "कोण नेतंय ते मला माहीत नाही. पण कोरा खडा ज्याच्या घरात सापडेल त्याची शिरेवरची जागा गेली. त्याची, त्याच्या मुलाची, नातवाची. ज्यानं आपण होऊन आणून दिला, त्याला मी काही म्हणणार नाही. बाकी घरं तपासायला मी येणारच आहे."

शिरेवरची जागा गेली म्हणजे गावच सोडायचं. इथे दुसरं काही पिकत नव्हतं की विकत नव्हतं. त्या दिवसापासून माणसं एकमेकांच्या जेवणाच्या डब्यांत डोकावू लागली. कुणी जरा पोट धरून चाललं तरी चार नजरा त्याच्या कमरेवर जायच्या.

एका दुपारी वावटळ उठली आणि काम बंद पडलं. गाठोडं घरी आलं. घरात नवरा-बायको दोघंच, मूलबाळ नाही. बायको आवारात चाळणीवर काम करायची, पण त्या दिवशी सकाळपासून विहिरीच्या रांगेत होती. दार नुसतं लोटलेलं. घसा धुळीनं खरवडून निघाला होता म्हणून गुळण्या करायला मीठ हवं होतं. चुलीकडच्या कोनाड्यात पुरुषमाणसाचा हात वर्षानुवर्षं जात नाही. त्याचा गेला तो चाचपडतच गेला. मिठाच्या बरणीमागे एक लहानसं मडकं होतं. त्याचं झाकण अर्धं सरकलेलं होतं आणि आत उजेड होता.

त्यानं चिमट्यानं झाकण काढलं. फडक्यावर लिंबाएवढा खडा, ढळढळीत पेटलेला.

आधी त्यानं दाराला कडी घातली. मग भिंतीला पाठ लावून बसला आणि विचार करू लागला. बायको घरात नाही, विहिरीवर आहे. विहीर पार गावाच्या दुसऱ्या टोकाला. तरी खडा पेटलेला. म्हणजे तिला माणसाळलेला नाही. म्हणजे कोरा. म्हणजे चोरीचा. हिशेब इतका सरळ होता की त्याला स्वतःच्या हुशारीचं क्षणभर बरंच वाटलं, आणि लगेच रडू यायला लागलं.

त्यानं झाकण होतं तसं सरकवलं, कडी काढली आणि मीठ न घेताच बाहेर येऊन बसला.

बायको डोक्यावर हंडा घेऊन आली. "काय झालं?" तिनं विचारलं. "तोंड का असं?"

"कसं?"

"उंदीर गिळून बसलेल्या मांजरासारखं."

"घसा दुखतोय."

"मग मिठाच्या गुळण्या करायच्या की. थांबा, देते." ती आत गेली. तो कान देऊन बसला. बरणी सरकल्याचा आवाज आला. मग जरा वेळ काहीच आवाज नाही. मग पुन्हा बरणी सरकल्याचा आवाज. ती मीठ घेऊन आली तेव्हा तिच्या चेहऱ्यावर काहीसुद्धा नव्हतं. त्याला वाटलं, केवढी पोचलेली आहे ही.

संशयाचं एक बरं असतं, त्याला खाऊ-पिऊ घालावं लागत नाही. तो आपला आपण वाढतो. चाळणीवर बसणारी बाई एखादा खडा चोळीत सरकवू शकते. पण त्याचं पुढे करायचं काय? त्याला बाहेर नेणारा कोणी हवा. आणि तिचा थोरला भाऊ खेचरांची गाडी हाकायचा. माल शहराकडे न्यायचा तोच. येता-जाता बहिणीकडे पाणी प्यायला थांबायचा, आणि दुष्काळात एवढी तहान कुणाला लागते?

शिरेवर त्याचा जोडीदार होता बोळक्या. पुढचे दात पहारीनं गेलेले, जीभ मात्र शाबूत.

"तुझ्या मेहुण्याची खेचरं बघितलीस?" बोळक्या पहार टेकवून म्हणाला. "इथं माणसांच्या फासळ्या मोजाव्यात, आणि त्याची खेचरं टुमटुमीत."

"चारा घालत असेल."

"चारा कुठून आणतो, हे मी विचारलं का?" बोळक्या थुंकला. थुंकी धुळीनं काळी होती. "मी आपलं खेचरांचं कौतुक केलं."

थोड्या वेळानं तोच पुन्हा म्हणाला, "वाईट वाटून घेऊ नको, पण मागं खाण ढासळली, तू आत अडकलास, तेव्हा वर सगळ्या बायका ऊर बडवत होत्या. माझीनं तर कपाळ फोडून घेतलं. तुझी कोपऱ्यात मांडी घालून बसली होती. डोळ्यांतून टिपूस नाही. आम्ही सगळ्यांनी बघितलं."

हे गाठोड्याला माहीत होतं. ते जुनं ठसठसणं होतं, कुणी बोट लावलं की दुखायचं.

आणखीही एक गोष्ट होती. लग्न झाल्यापासून तो गल्लीत शिरतो न शिरतो तोच घराचं दार उघडलेलं असायचं. हातपाय धुवायला पाणी, चुलीवर पातेलं. इतकी वर्षं त्याला वाटायचं, आपली बायको कामाला वाघ आहे. आता त्याच्या डोक्यात आलं, हिला कळतं कसं? दोरीच्या तळव्यांच्या वहाणा, पायाखाली पिठासारखी धूळ, आवाज कसला येणार?

त्यानं विचारलंच. "मी आलो हे तुला कसं कळतं?"

ती पाणी ओतत होती. हात जरासा थांबला. "पावलं ओळखते."

"धुळीत?"

"माझे कान तिखट आहेत," ती म्हणाली आणि हसली. ते हसू त्याला मुळीच आवडलं नाही.

मग त्यानं पोट दुखतं म्हणून सांगून भरदुपारी काम सोडलं. त्या दिवशी तिची चाळणीची पाळी नव्हती. तो गल्लीनं न जाता कोरड्या तळ्यातून, मागच्या बाजूनं, चोरासारखा वाकून घरी आला. मागचं दार उघडं होतं. आत ती पुढच्या दारात वाट बघत उभी होती, हातात पाण्याचा तांब्या. ती वळली.

"आज लवकर? आणि इकडून?"

म्हणजे हिला कुणीतरी खूण करतं. आपल्यावर पाळत आहे. स्वतःच्या घरात, स्वतःच्या बायकोची. त्यानं शेजारच्या छपरांकडे बघितलं. छपरावर एक कावळा चोच वासून बसला होता, दुसरं कोणी नव्हतं.

दोन दिवसांनी मेहुणा आला. पाणी प्यायला, दोन गोष्टी बोलला आणि निघताना बहिणीनं त्याच्या हाती एक बोचकं दिलं.

"काय आहे त्यात?" गाठोड्यानं विचारलं.

"आईची गोधडी," बायको म्हणाली. "वहिनीला हवी होती."

"बघू."

मेहुणा समजूतदार होता. त्यानं बोचकं जमिनीवर ठेवलं. गाठोडं गाठ सोडायला बसलं, पण तो नुकताच कामावरून आला होता, हाताच्या चिंध्या तशाच. जाडजूड बोटांना गाठ काही सापडेना. तो खेचत राहिला, गाठ आणखी आवळत गेली. दोघं उभे राहून बघत होते. शेवटी बायको खाली बसली, तिनं नखांनी गाठ सोडली, गोधडी उलगडली, उलटी केली, झटकली. त्यातून धुळीखेरीज काही पडलं नाही.

"दाजी," मेहुणा हळूच म्हणाला, "खेचरांचे दातपण मोजून घ्या. एखादा कमी-जास्त निघायचा."

तो गेल्यावर बायको बराच वेळ गोधडी झटकली त्या जागेवर उभी होती. "काय शोधत होता?" तिनं विचारलं.

"काही नाही."

"मला विचारलं असतंत तर दिलं असतं, जे असेल ते."

तेव्हा विचारायचं होतं. शब्द ओठांवर आलेही होते. पण तिनं खोटं सांगितलं तर काय करायचं, आणि खरं सांगितलं तर काय करायचं, हे त्याला ठरवता येईना. तो पाणी न पिताच आडवा झाला.

दुसऱ्या दिवशी खबर आली की उद्या मुकादम आपल्या गल्लीतली घरं तपासणार. गाठोड्याच्या हातातली पहार जड झाली. खडा तळ्यात फेकावा, तर तळ्यात पाणी नाही, पेटलेला खडा दिवसाढवळ्याही दिसणार. पुरावा, तर उकरलेली माती शेजारी विचारणार. आणि फेकून तरी काय, ही दुसरा आणेल. राहून राहून मुकादमाचं वाक्य आठवत होतं, ज्यानं आपण होऊन आणून दिला. आपली जागा तरी वाचेल. काम सुटायच्या जरा आधीच तो घरी आला, चिमट्यानं खडा फडक्यात घेतला आणि तडक आवारात गेला.

पारखीची वेळ होत आली होती. खणकर वर आले होते, बायका चाळण्या आपटून धूळ झाडत होत्या, मेहुण्याची गाडी माल भरायला उभी होती. गाठोड्यानं फडकं चौथऱ्यावर ठेवून उघडलं. भोवती माणसं गोळा झाली.

"कुठं मिळाला?" मुकादमानं विचारलं.

"माझ्या घरात. चुलीमागं."

"कुणी आणला?"

बायको चाळण्यांच्या रांगेत उभी होती. केसांवर, भुवयांवर पांढरी धूळ. ती त्याच्याकडे बघत होती, आणि तिच्या नजरेत भीती नव्हती, नुसतं आश्चर्य होतं. त्यानं मान फिरवली.

"मी नाही. ती चाळणीवर असते. तिचा भाऊ गाडी हाकतो. पुढचं तुम्हीच समजून घ्या. माझी जागा तेवढी ठेवा."

बोलून झाल्यावर त्याला मोकळं वाटेल असं वाटलं होतं. तसं काही झालं नाही. मुकादमाच्या माणसांनी गाडीकडे धाव घेतली. पहारी घालून तळाच्या फळ्या उचकटल्या, गाद्या फाडल्या, खेचरांच्या तोबऱ्यांत हात घातले. एक फळी मधोमध चिरली. निघालं काय, तर मूठभर चारा आणि तुटलेला एक पट्टा. मेहुणा खेचराच्या मानेवर हात ठेवून उभा होता.

मग बायको पुढे आली. "मुकादम, तो खडा कोरा नाही. टाकाऊ ढिगातला आहे."

"पेटलेला दिसतोय सगळ्यांना."

"ह्यांना बांधापलीकडे पाठवा."

मुकादमानं एकदा तिच्याकडे, एकदा गाठोड्याकडे बघितलं. "जा रे," तो म्हणाला.

काय चाललंय ते गाठोड्याला उमजेना. तो बांध ओलांडून पलीकडे गेला आणि वळून बघू लागला. त्याला नुसत्या चौथऱ्यावर वाकलेल्या पाठी दिसत होत्या. कुणी हलत नव्हतं. मग एक बाई हसली. मग बोळक्याचा आवाज आला, "गाठोड्या, जरा पुढं ये!"

तो चार पावलं पुढे आला.

"आला, आला! आता मागं जा!"

तो मागे गेला.

"गेला! अरे, पुन्हा ये!"

माणसं कितीतरी दिवसांत हसली नव्हती. धुळीनं कोंडलेले घसे फुटेपर्यंत ती हसली. तो खेळातल्या अस्वलासारखा पुढे-मागे होत राहिला, आणि तसा होता होताच त्याच्या डोक्यात उजेड पडला. तो जागच्या जागी थिजला. तो खडा त्याला विझलेला कधी दिसणारच नव्हता. साऱ्या गावात तो एकच माणूस असा होता, ज्याला हे बघून कळणं शक्य नव्हतं.

तो चौथऱ्यापाशी परत आला तेव्हा मुकादम तिला विचारत होता, "कधीचा?"

"मी पोर होते, नुकती चाळणीवर लागले होते. तुम्ही ह्यांच्या त्या खड्यावर घण घातला तेव्हा तुकडा उडून माझ्या चाळणीत पडला. टाकाऊतलं कुणीही न्यावं, असा तुमचाच नियम आहे."

"ठेवलास कशाला?"

"हे आमच्या गल्लीतून उगीच खेपा घालायचे. मी आत बसून ओळखायचे, पुन्हा आले म्हणून." बायका खुदखुदल्या, ती हसली नाही. "लग्नानंतर पातेलं कधी चढवायचं ते कळायचं. आणि खाण ढासळली, तेव्हा मी तो घेऊन इथं बसले होते. मुठीत धरून. मंद होता, पण होता. म्हणून रडले नाही. तुम्ही सगळे म्हणालात, दगडाच्या काळजाची बाई आहे."

बोळक्यानं मान खाली घातली.

"नवऱ्याला सांगायचं नाही का?" मुकादम पुटपुटला.

"त्यांना त्या खड्याचं नाव काढलेलं चालत नाही."

मुकादमानं खडा फडक्यात गुंडाळून तिच्या हाती दिला. गाठोड्याची जागा राहिली. माल चोरणारा कोण ते काही शेवटपर्यंत कळलं नाही. म्हणजे कुणाला तरी कळलं असेलच, पण ते बोललं कोणी नाही.

तो घरी पोचला तेव्हा दिवस कलला होता. ती आवारातून थेट येऊन बोचकं बांधून बसली होती. दाराशी मेहुण्याची गाडी उभी होती, चिरलेल्या फळीला दोरी बांधलेली. त्याला कितीतरी बोलायचं होतं. चुकलो, म्हणायचं होतं. सगळ्यांसमोर तुला चोर म्हणालो, माझी जीभ झडावी, असं म्हणायचं होतं.

"कुठं?" तो एवढंच म्हणाला.

"दादाकडं."

"परत कधी?"

"बघू." ती गाडीत चढली. "जेवण पातेल्यात आहे. थंड झालंय."

ती पुढे तोंड करून भावाच्या पाठीमागे बसली. फडकं सोडून खडा मांडीवर ठेवला. त्याचा उजेड मेहुण्याच्या सदऱ्यावर पडला, इतका लख्ख की पाठीवरचं ठिगळ न् ठिगळ दिसलं. मेहुण्यानं लगाम हलवला. त्यानं दाजीकडे एकदाही बघितलं नाही.

गाडी गल्लीबाहेर पडली, तळ्याच्या काठानं निघाली. अंधारून येत होतं. गाठोडं दारात उभं राहून त्या सदऱ्याकडे बघत होतं. ठिगळं दिसेनाशी झाली. मग पाठ पिवळसर झाली, मग राखाडी. सगळा जन्म पेटलेलाच दिसणारा तो खडा विझताना कसा दिसतो, ते त्याला आता दिसत होतं, आणि त्याला ते बघवेना.

त्यानं धाव घेतली. वाटेत एका हाताची चिंधी सुटून पायात आली, तो गुडघ्यावर आपटला, उठला, पुन्हा पळाला. धुळीनं छाती भरून आली. हाक मारायला दम नव्हता. गाडी काही थांबली नाही, पण मेहुण्याच्या पाठीवर हळूहळू उजेड चढू लागला, आणि ठिगळं पुन्हा दिसू लागली.

मेहुण्यानं मान न वळवता विचारलं, "गेला का गं परत?"

तिनंही मागे वळून बघितलं नाही. मांडीवर बघितलं.

"नाही," ती म्हणाली. "येतोय अजून."

गाडी चालतच राहिली, आणि तो मागून चालत राहिला.